न्युब्ज आणि कुब्ज : कोशांतील एका अर्थाची तपासणी

आपट्यांच्या संस्कृत-इंग्रजी कोशांत (पुणें, १८९०) ‘कुब्ज’ हा शब्द पाहिला तर पाठीला कुबड असलेला असा अर्थ मिळतो. त्याच कोशांत ‘न्युब्ज’ पाहिला तर खालीं तोंड केलेला, वांकलेला इत्यादि अर्थांच्या मागोमाग पुन्हां तोच कुबडाचा अर्थ भेटतो. मोनियर विल्यम्स यांच्या १८९९ च्या कोशाची स्थिति याहून निराळी नाहीं. आमच्याकडील विद्यार्थी याच दोन कोशांवर वाढले आणि त्यांना शिकविणारेहि त्यांवरच वाढले. प्रस्तुत लेखकानें नागपुरांत पस्तीस वर्षें संस्कृत शिकविलें आणि तितकीं सर्व वर्षें ‘न्युब्ज म्हणजे कुब्जच’ असें बिनदिक्कत सांगितलें. तें सांगणें चूक होतें असें आतां वाटतें. कुब्ज हें एका आकृतीचें नांव आहे; न्युब्ज हें मुळांत एका दुखण्याचें नांव आहे. हा भेद पाणिनीला ठाऊक होता, काशिकाकारांना ठाऊक होता, अमरसिंहालाहि ठाऊक होता. तो पुढें कसा बुजला हें पाहावयाचें आहे.

प्रथम पाणिनि. अष्टाध्यायीच्या सातव्या अध्यायाच्या तिसऱ्या पादांत धातूच्या अंत्य च् किंवा ज् यांच्या जागीं क् किंवा ग् येण्याचा विधि सांगितला आहे (७.३.५२). पच् पासून पाक, त्यज् पासून त्याग, भुज् पासून भोग हीं रूपें त्याच विधीचीं. पुढें एकसष्टाव्या सूत्रांत पाणिनि या विधींतून दोन शब्द वगळतो : हात या अर्थीं ‘भुज’ आणि उपताप या अर्थीं ‘न्युब्ज’. उपताप म्हणजे रोग. उब्ज् धातूला नियमाप्रमाणें ग व्हावयास हवा. डबी या अर्थाच्या ‘समुद्ग’ शब्दांत तो झालेलाहि आहे. मग न्युब्जांत तो कां नाहीं? पाणिनि म्हणतो, हा शब्द रोगाचें नांव आहे म्हणून. अर्ध्या मात्रेची बचत झाली तरी पुत्रजन्माचा आनंद मानणाऱ्या परंपरेंतला हा आचार्य आहे. तो ज्या शब्दासाठीं अपवाद खर्ची घालतो, तो शब्द त्याच्या काळीं लोकांच्या तोंडीं रोगाचें नांव म्हणून चांगलाच रुळलेला असला पाहिजे.

काशिका हा जयादित्य व वामन यांचा सातव्या शतकांतील ग्रंथ. तिनें या शब्दाची फोड केली आहे ती अधिक बोलकी आहे. ‘हलश्च’ (३.३.१२१) या सूत्रानें येथें अधिकरणीं प्रत्यय होतो, म्हणजे ज्यामध्यें माणसें पालथीं होऊन पडून राहतात तें दुखणें न्युब्ज. या फोडींतील तीन गोष्टींकडे मी वाचकांचें लक्ष वेधतों. न्युब्ज येथें माणूस नव्हे, दुखणें आहे. पाठीचा, कण्याचा, उंचवट्याचा उल्लेखच नाहीं. आणि जो उल्लेख आहे तो निजण्याचा आहे. कुबड असलेला मनुष्य डोळ्यांपुढें आणावयाचा तर आपण त्याला उभा किंवा चालतांना पाहतों. काशिकाकारांनीं मात्र अंथरुणावरचा माणूस पाहिला आहे.

न्युब्जाचा मूळचा अर्थ पालथा हाच आहे आणि तो कळण्यास कोश उघडण्याचेंहि कारण नाहीं. श्राद्धाला बसलेल्या प्रत्येक गृहस्थानें न्युब्ज पात्र पाहिलें आहे. पितरांच्या अर्घ्याचें पात्र भूमीवर पालथें घालतात; याज्ञवल्क्यस्मृतीच्या आचाराध्यायांत त्याला हाच शब्द आहे. ऐतरेय ब्राह्मणाच्या सातव्या पंचिकेंत अशी कथा आहे कीं, देवांनीं यज्ञांतले चमस पालथे केले, त्यांचे वड झाले, आणि म्हणून कुरुक्षेत्रांत वडाला न्युब्ज म्हणत. वडाच्या पारंब्या खालीं उतरतात एवढेंच त्यांतलें साम्य. पात्राला कुबड नसतें, वडालाहि नसतें. दोन्ही ठिकाणीं अर्थ एकच : तोंड खालीं झालेलें. न्युब्जाच्या उलट शब्द म्हणून ‘उत्तान’ येतो, आपण मराठींत उताणा म्हणतों तो.

धातूविषयीं थोडेसें विषयांतर करतों. धातुपाठांत उब्ज् चा अर्थ आर्जव, म्हणजे सरळपणा, असा दिलेला आहे, ऋग्वेदांत मात्र इंद्र व अग्नि यांनीं राक्षसांना दडपावें अशा प्रार्थनेंत (१.२१) तो येतो. सरळ करणें व दडपणें यांचा मेळ कसा घालावा, याची आधुनिक पंडितांना अडचण वाटते आणि धातुपाठाचा अर्थ ते बाजूला ठेवतात. परंतु ज्याला मराठी शाळेच्या वर्गांत ‘थांब, तुला सरळ करतों’ हें वाक्य एकदां तरी ऐकावें लागलें आहे, त्याला ती अडचण फारशी वाटूं नये. ‘नि’ हा उपसर्ग लागला म्हणजे दिशा ठरते : खालीं दडपणें, पालथें पाडणें.

आतां कुब्ज. याची परंपरागत व्युत्पत्ति ‘कु’ म्हणजे थोडें आणि ‘उब्ज’ म्हणजे सरळपण, मिळून ज्यांत सरळपणा थोडा तो, अशी करतात. परंतु कु आणि उब्ज यांचा संधि कूब्ज असा दीर्घ व्हावा. तो ऱ्हस्व राहावा म्हणून टीकाकारांना हा शब्द शकंध्वादि गणांत ढकलावा लागतो. हा गण म्हणजे न जुळणाऱ्या शब्दांची धर्मशाळाच आहे. तेव्हां न्युब्ज व कुब्ज यांत ‘उब्ज’ हा सामायिक अंश आहे हें दिसणें, निदान कुब्जाच्या बाबतींत, फसवें असावें असें मला वाटतें. कुब्जाचे खरे सोयरे ककुभ् (शिखर) आणि मैत्रायणी संहितेंतील कुभ्र (वशिंडाचा बैल) हे असावेत. दोन्ही शब्द उंचवट्याचे. म्हणजे न्युब्जांत दृष्टि खालीं गेलेल्या तोंडाकडे आहे, कुब्जांत ती वर आलेल्या पाठीकडे आहे. दोन निरनिराळ्या ठिकाणांहून निघालेले शब्द केवळ कानाला सारखे लागतात म्हणून कोशांत एकत्र आले.

कुब्जाचे जुने प्रयोग पाहिले तर तेथें रोग कोठेंहि नाहीं. वाजसनेयी संहितेच्या तिसाव्या अध्यायांत पुरुषमेधाच्या यादींत कुब्ज आणि वामन लागोपाठ येतात. अर्थशास्त्राच्या पहिल्या अधिकरणांत हेरांनीं घेण्याच्या सोंगांत पुन्हां कुब्ज-वामन अशी जोडी आहे. राजवाड्यांत असे लोक सेवेस असत, त्यामुळें त्यांचें सोंग खपून जाई. अयोध्याकांडांतील मंथरेचें उदाहरण तर प्रसिद्धच आहे. कैकेयी प्रसन्न झाल्यावर मंथरेच्या पाठीच्या उंचवट्याला ‘स्थगु’ असा एक दुर्मिळ शब्द वापरते, त्याला रथाच्या पुढें आलेल्या भागाची उपमा देते, तुझी बुद्धि व राजनीति यांतच वसते म्हणते आणि त्यावर सोन्याची माळ घालण्याचें आश्वासन देते. दुखणाऱ्या पाठीवर कोणी माळ घालीत नाहीं. भागवताच्या दशम स्कंधांतील कुब्जेचें नांव त्रिवक्रा. कृष्ण तिचे पाय आपल्या पायांनीं दाबून हनुवटीला दोन बोटें लावतो आणि तिला ऋजु, म्हणजे सरळ करतो. कुब्जाच्या उलट शब्द ऋजु आणि न्युब्जाच्या उलट शब्द उत्तान. शब्दांचे विरोधी वेगळे, तेव्हां शब्दहि वेगळे.

अमरकोशांत हा भेद सर्वांत स्पष्ट आहे, आणि आश्चर्य असें कीं अमर मुखोद्गत असलेल्या आमच्या पिढीच्याहि तो ध्यानांत आला नाहीं. मनुष्यवर्गांत प्रथम शरीराच्या घडणीवरून माणसांचे प्रकार येतात : बुटका, चपट्या नाकाचा, गुडघे जुळलेला, लंगडा. त्यांत कुब्ज आहे आणि त्याचा पर्याय ‘गडुल’ दिला आहे. गडु म्हणजे गांठ किंवा गोळा. ती पाठीवरच असली पाहिजे असें नाहीं, व्याकरणांतील गडुकंठ व गडुशिरस् हीं उदाहरणें गळ्यावरच्या व डोक्यावरच्या गांठीचीं आहेत. नंतर आरोग्य, चिकित्सा, रोगांचीं नांवें, वैद्य असा क्रम लागतो. आणि त्याच्याहि नंतर रोग्यांची यादी येते : खरजेनें पिडलेला, दद्रु झालेला, वातानें पछाडलेला, अतिसार लागलेला. न्युब्ज या दुसऱ्या यादींत आहे. दोन शब्दांमध्यें सुमारें बारा श्लोकांचें अंतर आहे आणि मध्यें वैद्य बसला आहे.

केवळ स्थानावर विसंबणें धोक्याचें आहे, हें कबूल केलें पाहिजे. अमरानें बहिऱ्याला पहिल्या यादींत घातलें आणि आंधळ्याला दुसऱ्या. त्याचें कारण छंदाशिवाय दुसरें सांगतां येणार नाहीं. परंतु न्युब्जाचा अर्थ सांगतांना अमर ‘भुग्न’, म्हणजे वांकलेला, एवढ्यावर थांबत नाहीं. त्यापुढें ‘रुजा’ हें पद घालतो. रोगानें वांकलेला. कुब्जाला असली कांहीं अट नाहीं. त्या तोकड्या श्लोकांत दोन अक्षरांची जागा किती मोलाची असते हें ज्यांनीं अनुष्टुभ् रचून पाहिला आहे ते जाणतील. पाणिनीचा ‘उपताप’ आणि अमराची ‘रुजा’ हीं एकाच परंपरेचीं दोन टोंकें आहेत. फरक इतकाच, कीं पाणिनीच्या वेळीं दुखण्याला जें नांव होतें तें अमराच्या वेळीं दुखणाइताला लागलें होतें.

हा विचार मला ग्रंथांतून सुचलेला नाहीं, हेंहि सांगितलें पाहिजे. सुमारें तीस वर्षांपूर्वीं मी दहावीच्या वर्गाला शाकुंतलाच्या दुसऱ्या अंकांतील विदूषकाचा प्रवेश हौसेनें वाचून दाखवीत होतों. विदूषक अंग मोडल्याचें सोंग करतो आणि वेत वांकतो तो आपल्या गुणानें कीं नदीच्या वेगानें, असें राजाला विचारतो. त्या वाक्यांत कुब्जाचें सोंग हा शब्द आहे. मीं तो समजावून देतांना स्वतः वांकून दाखविलें. वर्ग हंसला. मागच्या बांकावर भिंतीशीं बसणारा एक मुलगा हंसला नाहीं; त्याची पाठ मध्यभागीं उंच होती आणि हें मला त्या क्षणापर्यंत आठवलें नव्हतें. दुसऱ्या दिवशीं मीं त्याला बाजूला बोलावलें. काय बोलावें तें न सुचून पाठ दुखते का, असें विचारलें.

‘आतां नाहीं दुखत, सर,’ तो म्हणाला. ‘दुखणें होतें तेव्हां उताणा निजतांच येत नसे. सहा महिने पालथाच पडून होतों.’

कण्याच्या मणक्यांना क्षय झाला होता. वर्षभर औषधें घेऊन रोग गेला. वांक मात्र राहिला. मीं त्याची क्षमा मागितली कीं नाहीं हें आज नीट आठवत नाहीं, आणि ही माझ्या स्मृतीची सोय असावी. पण त्या रात्रीं काशिका उघडली ती त्याच्या त्या ‘पालथा’ शब्दामुळें. एका मुलाच्या सांगण्यावरून पाणिनीचा अर्थ ठरत नाहीं, न्युब्ज म्हणजे कण्याचा क्षयच असेंहि म्हणतां येत नाहीं. कमरेचीं आणि पाठीचीं आणखीहि दुखणीं माणसाला पालथें पाडतात. इतकें मात्र खरें कीं, माझा विद्यार्थी आधीं न्युब्ज होता आणि मागाहून कुब्ज झाला; आणि ही गोष्ट ज्या भाषेंत सांगतां येते ती भाषा दोन शब्द निरनिराळे ठेवणारी असली पाहिजे. कोशाच्या भाषेंत ती सांगतांच येत नाहीं.

वैद्यकग्रंथांकडे वळलों तर निराळेंच दृश्य दिसतें. चरकाच्या सूत्रस्थानाच्या विसाव्या अध्यायांत वाताचे ऐंशी विकार मोजले आहेत, त्यांत कुब्जत्व व वामनत्व शेजारीं शेजारीं आहेत, न्युब्ज नाहीं. चिकित्सास्थानांत स्नायूंत शिरलेला वात कुब्जत्व आणतो असें म्हटलें आहे. सुश्रुताच्या शारीरस्थानांत गर्भिणीचे डोहाळे न पुरविल्यास मूल कुब्ज होतें म्हणून सांगितलें आहे. म्हणजे तेथें तें जन्मजात व्यंग आहे. आणि सोळाव्या शतकांतील भावमिश्राच्या भावप्रकाशांत कुब्जाचें जें लक्षण आहे त्यांत प्रकुपित वायु छाती किंवा पाठ हळूहळू आणि वेदनेसह वर उचलतो असें वर्णन येतें. येथें प्रथमच कुब्जाला वेदना चिकटली. माझा तर्क असा कीं, न्युब्ज हें नांव वैद्यांच्या व्यवहारांतून उठलें, त्याची वेदना अनाथ झाली आणि ती कुब्जाच्या पदरांत पडली. तर्क म्हणूनच मी हा मांडतों. वैद्यांनीं भावप्रकाशाच्या वर्णनाची तुलना लंडनचा शस्त्रवैद्य पर्सिव्हल पॉट यानें १७७९ मध्यें केलेल्या वर्णनाशीं अवश्य करावी. कण्याला बांक येऊन पाय लुळे पडतात त्या रोगाला पुढें त्याचेंच नांव मिळालें. क्षयाचा जंतु कॉखनें दाखविला तो १८८२ मध्यें. भावमिश्राला जंतु ठाऊक नव्हता, पण ‘हळूहळू’ आणि ‘वेदनेसह’ हे दोन शब्द त्यानें डोळे उघडे ठेवून लिहिले आहेत. छातीचा उंचवटा त्यानें त्यांतच घातल्यामुळें मात्र त्याचा कुब्ज एकाच रोगापुरता राहत नाहीं. धनुःस्तंभ व अंतरायाम यांचा येथें संबंध नाहीं. त्या विकारांत शरीर ताठरून धनुष्यासारखें होतें, पडून राहण्याचा प्रश्न तेथें गौण आहे.

मराठीनें या शब्दांचें काय केलें तें पाहण्याजोगें आहे. कुब्जाच्या आद्य क चा ख होतो असें वररुचि व हेमचंद्र दोघेहि सांगतात; हेमचंद्र तर फुलाच्या अर्थीं तसें होत नाहीं अशी अटहि घालतो. त्यामुळें प्राकृतांत ‘खुज्ज’ झालें. शाकुंतलांतील तो विदूषक प्राकृत बोलतो आणि खुज्जच म्हणतो. या खुज्जापासून आपला ‘खुजा’ आला. पण खुजा म्हणजे बुटका. त्याच्या पाठीचा कांहीं संबंध उरलेला नाहीं. रामटेकच्या वाटेवर मनसर येथें सांपडलेली व दिल्लीच्या राष्ट्रीय संग्रहालयांत ठेवलेली शिवाची मूर्ति पाहून मराठी मनुष्य ती खुजी आहे असें म्हणेल. संस्कृत पंडितानें तिला कुब्ज म्हटलें तर तो चुकेल, कारण ती वामन आहे, वांकलेली नाहीं. वेदकाळापासून राजवाड्यापर्यंत कुब्ज-वामन यांची जी जोडी चालत आली, तिनें अखेर एकाचा अर्थ दुसऱ्याला दिला.

मग पाठीच्या उंचवट्याला मराठींत शब्द राहिला तो ‘कुबड’. हा कुब्जापासूनच आला असें सर्रास सांगतात, तें मला मान्य नाहीं. प्राकृतांत अशा जोडाक्षरांत पहिलें व्यंजन दुसऱ्यांत मिसळतें : शब्दाचें सद्द, लब्धाचें लद्ध. ब्ज चें ज्ज होतें आणि ब जातो. कुबडांत ब शाबूत आहे, हिंदी कूबडांतहि आहे. तेव्हां त्याच्या मागें ‘कुब्ब’ असें कांहीं लोकांतलें रूप असलें पाहिजे. टर्नरनेंहि आपल्या तौलनिक कोशांत तसेंच रूप कल्पिलें आहे. खुज्जांतील तो अकारण ख आणि हा टिकून राहिलेला ब या दोहोंवरून असें वाटतें कीं शब्द मुळांत लोकांचाच असून संस्कृतानें त्याला कुब्ज असा पोषाख चढविला. कुबडी तर आकारावरूनच नांव पावलेली. सज्जनगडावर समर्थांची म्हणून दाखवितात ती पाहावी.

मराठीनें एक भेद मात्र स्वतःच्या बळावर राखला आहे. ‘पोक काढून बसूं नकोस’ असें आई मुलाला दिवसांतून दहादां सांगते. ‘कुबड काढून’ असें म्हणत नाहीं. पोक बसण्याच्या रीतीचें, कुबड कायमचें. दुखण्यानें पालथ्या पडलेल्यासाठीं मात्र मराठींत शब्द नाहीं. हिंदींतील वैद्यकीय पुस्तकांनीं कण्याच्या बांकांना कुब्जता, पार्श्वकुब्जता असे शब्द रूढ केले आहेत. आकृतीसाठीं ते ठीक आहेत. ग्रीकांचा कायफोसिस हा शब्दहि पुढें वांकणें याच क्रियेवरून आला आहे, आणि त्या दृष्टीनें तो कुब्जापेक्षां न्युब्जाला जवळचा आहे. परिभाषा करणाऱ्यांनीं न्युब्जाचा विचार कधींच केला नाहीं, कारण त्यांच्या कोशांत तो कुब्जाचा पर्याय म्हणून बसला होता.

तो तेथें बसला कसा? अमरानंतरच्या अनेकार्थकोशांची रीत अशी, कीं एका शब्दाखालीं मिळतील तितके अर्थ गोळा करावयाचे. त्या गोळाबेरजेंत न्युब्जाच्या वांट्याला कुब्जहि आला. गेल्या दोन शतकांतील कोशकारांनीं त्या याद्या उचलल्या आणि अमराची ‘रुजा’ गाळली. आपट्यांना दोष देण्याचें धारिष्ट मला नाहीं. चौतिसाव्या वर्षीं निवर्तलेल्या त्या पुरुषानें जें एकट्यानें केलें तें आमच्या दहा जणांच्या मंडळाला साधलें नसतें. पण कोशाच्या पुढील आवृत्तींत न्युब्जाच्या अर्थांत ‘पालथा’ नंतर लगेच ‘पालथें पाडणारा रोग (पाणिनि ७.३.६१), अशा रोगानें वांकलेला (अमर)’ एवढी ओळ घालावी आणि कुबडाचा अर्थ उत्तरकालीन म्हणून शेवटीं न्यावा, इतकी सूचना करावीशी वाटते. माझ्या प्रतीच्या समासांत मीं ती पेन्सिलीनें त्याच वर्षीं लिहून ठेवली आहे.